जागतिक पर्यावरणीय बदल : विज्ञान आणि राजकारण

जागतिक पर्यावरणीय बदल : पृथ्वीचे वातावरण, महासागर, बर्फाच्छादन, मृदा आणि सजीवसृष्टी यांत घडून येणाऱ्या व कोणत्याही एका देशाच्या सीमेत न मावणाऱ्या बदलांना ही संज्ञा लावली जाते. कार्बन डाय-ऑक्साइड, मिथेन इ. हरितगृह वायूंची वाढ आणि तीमुळे होणारी तापमानवाढ हा यांपैकी सर्वांत अधिक अभ्यासला गेलेला बदल असून प्रस्तुत नोंदीत मुख्यतः त्याचाच विचार केला आहे. या बदलामागील भौतिकीचे विवेचन येथे केलेले नाही. येथे पाहावयाचा आहे तो त्याच्या आकलनाचा इतिहास.

हा बदल कोणाच्याही डोळ्यांना थेट दिसत नाही. शेतकऱ्याला आपल्या शिवारातील पाऊस दिसतो, कोळ्याला आपल्या किनाऱ्यावरची भरती दिसते. परंतु ‘पृथ्वीचे सरासरी तापमान’ ही राशी कोणत्याही एका ठिकाणी अस्तित्वात नसते. ती हजारो केंद्रांवरील नोंदींतून काढावी लागते. केंद्रे कोठे असावीत, कोणता काळ आधारभूत धरावा, एका वायूची दुसऱ्याशी तुलना कशी करावी आणि अखेरीस आलेली बेरीज कोणाच्या नावे मांडावी, हे सर्व आधी ठरवावे लागते. त्या ठरविण्यात शास्त्रज्ञांइतकाच शासनांचाही हात राहिला आहे. वायूंनी उष्णता शोषली जाते ही निसर्गाची गोष्ट होय. पण तो वायू कोणाचा, हा प्रश्न प्रयोगशाळेत उपस्थित होत नाही.

पूर्वपीठिका : पाण्याची वाफ व कार्बन डाय-ऑक्साइड हे वायू उष्णतेचे प्रारण शोषून घेतात, हे जॉन टिंडल (१८२०–९३) यांनी १८५९ साली प्रयोगाने दाखविले. स्वान्टे अऱ्हेनियस (१८५९–१९२७) या स्वीडिश रसायनशास्त्रज्ञांनी १८९६ मध्ये, वातावरणातील कार्बन डाय-ऑक्साइड दुप्पट झाल्यास तापमान सु. ५ ते ६ अंश सेल्सिअसने वाढेल, असे गणित मांडले. १९३८ मध्ये गाय कॅलेंडर या ब्रिटिश अभियंत्यांनी जगातील सु. दीडशे केंद्रांच्या नोंदी जमवून पृथ्वी तापू लागल्याचा दावा केला. त्याकडे त्या काळी फारसे कोणी लक्ष दिले नाही.

कॅलेंडर यांना ज्या नोंदी मिळू शकल्या, त्या मुळात कोणत्या हेतूने ठेवल्या गेल्या हे लक्षात घेण्यासारखे आहे. नौकानयन, शेतसारा, दुष्काळ-निवारण यांसाठी राज्यकर्त्यांनी वेधशाळा उभारल्या. भारतीय हवामानशास्त्र विभागाची स्थापना १८७५ साली झाली आणि पाठोपाठ १८७६–७८ च्या भीषण दुष्काळाने मान्सूनचे पूर्वानुमान ही प्रशासनाची निकड बनली. विभागाचे पहिले प्रमुख हेन्री ब्लॅनफर्ड यांनी हिमालयावरील हिमवृष्टी व पुढील मान्सून यांचा संबंध जोडून पाहिला. गिल्बर्ट वॉकर यांनी त्याच शोधात जगभरच्या दाबनोंदी चाळल्या व त्यातून विषुववृत्तीय पॅसिफिक आणि हिंदी महासागर यांवरील दाबांची आंदोलने उघडकीस आली. विभागाचे मुख्यालय १९२८ साली सिमल्याहून पुण्यास आले, ते दुसऱ्या महायुद्धाच्या अखेरीस दिल्लीस हलेपर्यंत तेथेच होते. आज हवामानबदलाच्या अभ्यासात वापरली जाणारी भारतीय पर्जन्याची दीर्घ मालिका ही या वसाहतकालीन दप्तराचीच देणगी होय. जेथे असे दप्तर नव्हते, त्या मध्य आफ्रिकेसारख्या प्रदेशांचे भूतकालीन हवामान अद्यापही धूसर आहे.

आंतरराष्ट्रीय भूभौतिकीय वर्ष : दुसऱ्या महायुद्धानंतर समुद्र व वातावरण यांच्या संशोधनाला मोठा निधी मिळू लागला, तो प्रामुख्याने शीतयुद्धामुळे. पाणबुड्यांसाठी महासागराचे, क्षेपणास्त्रांसाठी उच्च वातावरणाचे आणि अण्वस्त्र-चाचण्यांतील धूळ कोठे जाते हे जाणण्यासाठी वाऱ्यांचे ज्ञान हवे होते. रॉजर रेव्हेल व हान्स झ्यूस यांनी १९५७ मध्ये प्रसिद्ध केलेल्या निबंधात, खनिज इंधनातून बाहेर पडणारा सर्व कार्बन डाय-ऑक्साइड समुद्र तत्परतेने गिळून टाकील या समजाला धक्का दिला. त्याच वर्षी सुरू झालेल्या आंतरराष्ट्रीय भूभौतिकीय वर्षाच्या (जुलै १९५७ ते डिसेंबर १९५८) निधीतून चार्ल्स डेव्हिड कीलिंग (१९२८–२००५) यांना हवाई बेटावरील मौना लोआ या ज्वालामुखीच्या उतारावर अखंड मापन करता आले. मार्च १९५८ मध्ये त्यांच्या उपकरणाने दहा लाख भागांत सु. ३१३ भाग इतका कार्बन डाय-ऑक्साइड नोंदविला. २०२४ मधील तेथील वार्षिक सरासरी ४२४ भागांच्या वर होती.

कीलिंग यांचा आलेख आज शालेय पुस्तकांतही छापला जातो. वर्षागणिक वर चढणारी आणि दर उन्हाळ्यात उत्तर गोलार्धातील वनस्पतींच्या वाढीमुळे किंचित खाली येणारी ती दातेरी रेषा बारकाईने पाहिल्यास १९६४ च्या प्रारंभीच्या काही महिन्यांत तुटलेली आढळते. अमेरिकेच्या अंदाजपत्रकातील काटकसरीमुळे त्या काळात मापनच बंद पडले होते. पुढेही कीलिंग यांना अनुदानासाठी वारंवार झगडावे लागले. एकच गोष्ट वर्षानुवर्षे मोजत राहणे हे संशोधन नव्हे, असे अनुदान देणाऱ्यांना वाटे. जागतिक बदलाचा सर्वांत भक्कम पुरावा अशा रीतीने एका लेखणीच्या फटकाऱ्याने नाहीसा होण्याच्या बेतात होता.

स्टॉकहोम ते जिनीव्हा : १९७२ साली स्टॉकहोम येथे भरलेल्या संयुक्त राष्ट्रांच्या मानवी पर्यावरण परिषदेस यजमान पंतप्रधान ऊलोफ पाल्मे यांच्याखेरीज उपस्थित असलेल्या एकमेव शासनप्रमुख म्हणजे इंदिरा गांधी. दारिद्र्य हटविल्यावाचून पर्यावरण राखता येणार नाही, ही त्यांनी मांडलेली भूमिका पुढील पन्नास वर्षे दक्षिणेकडील देशांच्या युक्तिवादाचा पाया ठरली. संयुक्त राष्ट्रांचा पर्यावरण कार्यक्रम याच परिषदेतून जन्मला व त्याचे मुख्यालय नैरोबी येथे ठेवले गेले.

१९७९ मध्ये जूल चार्नी यांच्या अध्यक्षतेखालील अमेरिकी समितीने कार्बन डाय-ऑक्साइड दुप्पट झाल्यास तापमान सु. ३ अंशांनी (१.५ अंश कमी किंवा अधिक) वाढेल असे अनुमान काढले. १९८५ मध्ये ऑस्ट्रियातील फिलाख येथे जमलेल्या शास्त्रज्ञांनी इतर वायूंचा विचार करून धोका वाटतो त्यापेक्षा जवळ असल्याचे सांगितले. त्यानंतर नेमलेला सल्लागार गट लहान व शासनांपासून स्वतंत्र होता. जून १९८८ मध्ये टोरांटो परिषदेने २००५ पर्यंत कार्बन डाय-ऑक्साइडचे उत्सर्जन २० टक्क्यांनी घटविण्याचे आवाहन केले, तेव्हा हा विषय शास्त्रज्ञांच्या हातून निसटून शासनांच्या अंगावर येणार हे स्पष्ट झाले. त्याच वर्षी नोव्हेंबरमध्ये जागतिक हवामानशास्त्रीय संघटना व संयुक्त राष्ट्रांचा पर्यावरण कार्यक्रम यांच्या विद्यमाने हवामानबदलविषयक आंतरशासकीय मंडळाची पहिली बैठक जिनीव्हा येथे झाली. बेर्ट बोलीन (१९२५–२००७) हे त्याचे पहिले अध्यक्ष. मंडळाच्या नावातील ‘आंतरशासकीय’ हे विशेषण सहज आलेले नाही. स्वतंत्र शास्त्रज्ञांच्या शिफारशींनी बांधले जाण्यापेक्षा मूल्यमापनाची प्रक्रियाच शासनांच्या डोळ्यांसमोर राहावी, असे अमेरिकेच्या प्रशासनाला वाटत होते, असे अनेक इतिहासकारांचे मत आहे. मंडळ स्वतः संशोधन करीत नाही. प्रसिद्ध संशोधनाचे मूल्यमापन करते. प्रकरणे शास्त्रज्ञ लिहितात. पण धोरणकर्त्यांसाठीच्या सारांशातील ओळ न् ओळ सर्व शासनांच्या प्रतिनिधींपुढे संमत व्हावी लागते.

तुलनेचे एकक : मंडळाच्या १९९० च्या पहिल्या अहवालात निरनिराळ्या वायूंची एकमेकांशी तुलना करण्यासाठी ‘जागतिक तापनक्षमता’ हे परिमाण देण्यात आले. मिथेन वातावरणात सु. बारा वर्षे टिकतो, कार्बन डाय-ऑक्साइडचा काही अंश शतकानुशतके राहतो. त्यामुळे एक किलोग्रॅम मिथेन किती किलोग्रॅम कार्बन डाय-ऑक्साइडच्या बरोबरीचा, याचे उत्तर किती वर्षांचा विचार करावयाचा यावर अवलंबून असते. अहवालाने २० वर्षांसाठी ६३, १०० वर्षांसाठी २१ आणि ५०० वर्षांसाठी ९ असे तीन अंक दिले व हे तीन कालावधी केवळ चर्चेसाठी घेतले असून त्यांना विशेष महत्त्व देऊ नये, अशी पुस्तीही जोडली. वाटाघाटी करणाऱ्यांना मात्र एकच अंक हवा होता. त्यांनी मधला घेतला. तो क्योटो करारात गेला आणि शंभर वर्षे हा कालावधी जणू निसर्गनियमच असल्याप्रमाणे रूढ झाला. मंडळाच्या २०२१ च्या अहवालात मिथेनाचा शंभर वर्षांचा अंक २७ ते ३० च्या दरम्यान, तर वीस वर्षांचा ८० हून अधिक आहे. भातशेती व गुरेढोरे यांवर जगणाऱ्या देशाच्या दृष्टीने यांपैकी कोणता अंक निवडला जातो ही किरकोळ बाब नव्हे.

भातखाचरांचा वाद : ही बाब किती महत्त्वाची आहे याचा प्रत्यय लगेचच आला. वॉशिंग्टन येथील वर्ल्ड रिसोर्सेस इन्स्टिट्यूट या संस्थेने संयुक्त राष्ट्रांच्या पर्यावरण व विकास कार्यक्रमांच्या सहकार्याने प्रसिद्ध केलेल्या १९९०–९१ च्या अहवालात देशवार ‘हरितगृह निर्देशांक’ दिला होता. त्यात अमेरिका व सोव्हिएट संघ यांच्या पाठोपाठ ब्राझील, चीन व भारत या देशांची नावे आली. जंगलतोड, भातशेती आणि गुरे यांमुळे भारत जगातील पाचव्या क्रमांकाचा दोषी ठरला.

दिल्लीच्या सेंटर फॉर सायन्स अँड एन्व्हायर्न्मेंट या संस्थेचे अनिल अगरवाल (१९४७–२००२) व सुनीता नारायण यांनी १९९१ च्या प्रारंभी ‘ग्लोबल वॉर्मिंग इन ॲन अनइक्वल वर्ल्ड’ या पुस्तिकेतून या गणितावर आक्षेप घेतला. त्यांनी आकडे नाकारले नाहीत. बहुतांशी तेच आकडे घेऊन मांडणी बदलली. मानवाने सोडलेल्या कार्बन डाय-ऑक्साइडपैकी जवळजवळ निम्मा समुद्र व वनस्पती शोषून घेतात. हे नैसर्गिक शोषण कोणाच्या खात्यात जमा करावयाचे? अमेरिकी संस्थेने ते प्रत्येक देशाच्या उत्सर्जनाच्या प्रमाणात वाटून दिले होते. म्हणजे जो अधिक धूर सोडील त्याच्या वाट्याला समुद्राचा व अरण्यांचा अधिक भाग. अगरवाल व नारायण यांनी हे शोषण सर्व मानवजातीची सामाईक मालमत्ता मानून लोकसंख्येच्या प्रमाणात वाटले. असे करताच भारत व चीन आपापल्या वाट्याच्या मर्यादेत बसले आणि दोषाचा भार उद्योगप्रधान राष्ट्रांकडे सरकला. चुलीवर भात शिजविण्यासाठी होणारे उत्सर्जन आणि मोटारगाडीतून हिंडताना होणारे उत्सर्जन एकाच तागडीत घालता येणार नाही, हाही त्यांचा मुद्दा होता. ‘जगण्यासाठीचे’ व ‘चैनीचे’ उत्सर्जन हा भेद तेव्हापासून रूढ झाला.

या युक्तिवादालाही मर्यादा आहेत. लोकसंख्येच्या सरासरीआड देशांतर्गत विषमता झाकली जाते; मुंबईतील वातानुकूलित घराचे उत्सर्जन गडचिरोलीतील झोपडीच्या नावावर वाटले जाते. पण दोन गणितांपैकी कोणतेही ‘निव्वळ’ वैज्ञानिक नव्हते, एवढे या वादाने कायमचे उघड केले.

वादाचा दुसरा भाग खुद्द आकड्यांविषयी होता. पाण्याने भरलेल्या खाचरातील चिखलात ऑक्सिजन पोहोचत नाही. तेथे जिवाणू सेंद्रिय द्रव्याचे विघटन करून मिथेन निर्माण करतात आणि तो मुख्यतः भाताच्या रोपातील पोकळ ऊतींमधून नळीतून यावा तसा हवेत येतो. अमेरिकेच्या पर्यावरण संरक्षण संस्थेच्या अंदाजानुसार भारतातील भातशेतीतून दरवर्षी ३७८ लाख टन मिथेन बाहेर पडत होता. अशा अंदाजांचा आधार होती ती प्रामुख्याने इटली, स्पेन व अमेरिका येथील शेतांवरील मापने. तेथील खाचरे सतत पाण्याखाली असतात व त्यांत सेंद्रिय द्रव्य भरपूर असते. तेथील दर हेक्टरी आकडा भारतातील भाताखालील क्षेत्राशी गुणला गेला होता.

नवी दिल्लीच्या राष्ट्रीय भौतिकी प्रयोगशाळेतील आशेष प्रसाद मित्रा (१९२७–२००७) यांच्या नेतृत्वाखाली १९९१ मध्ये देशाच्या निरनिराळ्या भातक्षेत्रांत मापनाची मोहीम हाती घेण्यात आली. रोपांवर पारदर्शक पेटी ठेवावयाची, तीत साठणाऱ्या हवेचे नमुने ठराविक अंतराने पिचकारीने काढावयाचे आणि वायुवर्णलेखकाने त्यांतील मिथेन मोजावयाचा, अशी ही साधी पण कष्टाची पद्धत होती. भारतातील भातक्षेत्राचा मोठा भाग पावसावर अवलंबून असून त्यात पाणी अधूनमधून ओसरते. काही भाग तर उंचवट्याचा, कधीच न तुंबणारा आहे. आणि जमिनीत सेंद्रिय कार्बन कमी आहे. पाणी ओसरले की जमिनीत हवा शिरते आणि मिथेन बनणे थांबते. मोहिमेतून निघालेला राष्ट्रीय आकडा होता सु. ४० लाख टन. म्हणजे आधीच्या अंदाजाच्या जवळजवळ एकनवमांश. आंतरशासकीय मंडळाने १९९० मध्ये जगातील भातशेतीचा मिथेन वर्षाला ११ कोटी टन धरला होता. १९९२ च्या पुरवणी अहवालात भारत व चीन येथील नव्या मापनांची दखल घेऊन तो ६ कोटी टनांवर आणला गेला. भारताने २००४ मध्ये संयुक्त राष्ट्रांना सादर केलेल्या पहिल्या राष्ट्रीय निवेदनात १९९४ सालासाठीचा आकडा सु. ४१ लाख टन असाच आहे.

या प्रकरणाकडे ‘राजकारणाने विज्ञानात केलेला हस्तक्षेप’ म्हणून पाहणे चुकीचे ठरेल. ही मोहीम शासकीय प्रयोगशाळेने काढली होती, शासनाचा तीत हितसंबंध होता, आणि वॉशिंग्टनच्या अहवालाने निर्माण केलेला संताप नसता तर तिला इतकी तातडी आली असती असे वाटत नाही. तरीही तिचे निष्कर्ष टिकले, कारण पेटी कोणीही कोणत्याही खाचरावर ठेवून पाहू शकत होते. खोट होती ती मापनाच्या अभावाची. राजकीय आक्षेपाने ती भरून काढली.

१९९२ मध्ये रीओ दे जानेरो येथे स्वाक्षरीसाठी खुल्या झालेल्या हवामानबदलविषयक रूपरेषा करारात दरडोई समान हक्काचे तत्त्व बंधनकारक कलम म्हणून आले नाही. उद्देशिकेत मात्र आजवरच्या उत्सर्जनाचा सर्वांत मोठा वाटा विकसित देशांचा असल्याची आणि विकसनशील देशांचे दरडोई उत्सर्जन अद्याप कमी असल्याची नोंद झाली. आणि तिसऱ्या अनुच्छेदात ‘समाईक परंतु भिन्न’ जबाबदारीचे तत्त्व स्वीकारले गेले.

माद्रिद, १९९५ : शासनांसमोर ओळ न् ओळ संमत करण्याची पद्धत कशी चालते, हे मंडळाच्या दुसऱ्या अहवालाच्या वेळी दिसले. नोव्हेंबर १९९५ च्या अखेरीस माद्रिद येथे ९६ देशांचे प्रतिनिधी जमले होते. तापमानवाढीत मानवाचा हात आहे काय, या प्रश्नावरील प्रकरण बेंजामिन सँटर यांच्या पुढाकाराने लिहिले गेले होते. सौदी अरेबिया व कुवेत या तेलउत्पादक देशांच्या प्रतिनिधींनी निष्कर्षाला कसून विरोध केला. अखेर सारा वाद एका विशेषणावर येऊन ठेपला. मसुद्यातील ‘लक्षणीय’ या अर्थाच्या शब्दाऐवजी बोलीन यांनी सुचविलेला ‘ओळखू येण्याजोगा’ या अर्थाचा शब्द संमत झाला : पुराव्याचा तोल हवामानावर मानवाचा ओळखू येण्याजोगा प्रभाव असल्याकडे झुकतो. चर्चेनंतर प्रकरणाचा मजकूर ठरलेल्या नियमांनुसार सारांशाशी जुळवून घेण्यात आला. यावरून जून १९९६ मध्ये फ्रेडरिक साइट्झ या वयोवृद्ध अमेरिकी भौतिकीविज्ञांनी ‘वॉल स्ट्रीट जर्नल’मधून सँटर यांच्यावर फसवणुकीचा आरोप केला. साइट्झ स्वतः हवामानशास्त्रज्ञ नव्हते व माद्रिदला उपस्थितही नव्हते. मंडळाने आरोप फेटाळला. पण वर्तमानपत्रे वाचणाऱ्यांच्या मनात संशयाचे बीज पडले ते पडलेच.

त्याच अहवालाच्या तिसऱ्या खंडातील वाद दक्षिणेकडील देशांना अधिक झोंबला. हवामानबदलामुळे होणाऱ्या हानीचे पैशांत मूल्य काढताना अर्थशास्त्रज्ञांनी श्रीमंत देशांतील एका मृत्यूची किंमत सु. १५ लाख डॉलर आणि गरीब देशांतील मृत्यूची किमान दहापट कमी धरली होती. माणूस धोका टाळण्यासाठी किती पैसे मोजावयास तयार आहे यावरून हे मूल्य काढले जाते. ज्याच्याजवळ पैसे कमी त्याचे मूल्य आपोआप कमी. गणितात चूक नव्हती. भारताच्या पर्यावरण खात्याचे तत्कालीन राज्यमंत्री कमलनाथ यांनी याला जाहीर हरकत घेतली आणि अनेक शासनांनी तिला दुजोरा दिला. संमत झालेला सारांश व मूळ प्रकरण यांत त्यामुळे या मुद्द्यावर उघड अंतर राहिले. माद्रिदमध्ये शासने विज्ञानाला अडवीत होती. येथे अर्थशास्त्राच्या नावाखाली लपलेला नैतिक निर्णय शासनांनी उजेडात आणला.

आधारवर्षे व लक्ष्ये : १९९७ च्या क्योटो करारात कपात मोजण्यासाठी १९९० हे आधारवर्ष धरले गेले. १९९० नंतर पूर्व जर्मनीतील जुने कारखाने बंद पडले, ब्रिटनमधील वीजनिर्मिती कोळशाकडून नैसर्गिक वायूकडे वळली आणि रशियाचा उद्योग कोसळला. त्यामुळे या देशांची बरीचशी कपात करारापूर्वीच होऊन गेली होती. तापमानवाढ मोजण्यासाठी ‘औद्योगिकीकरणापूर्वीचा’ म्हणून १८५०–१९०० हा काळ घेतात, तोही औद्योगिक क्रांती त्या सुमारास सुरू झाली म्हणून नव्हे, तर पुरेशा तापमापकांच्या नोंदी तेव्हापासूनच मिळतात म्हणून.

दोन अंश सेल्सिअसची मर्यादा यूरोपीय संघाने १९९६ मध्ये स्वीकारली व २००९ च्या कोपनहेगन परिषदेनंतर ती जगन्मान्य झाली. समुद्रात बुडण्याची भीती असलेल्या लहान द्वीपराष्ट्रांनी दीड अंशाचा आग्रह धरला आणि २०१५ च्या पॅरिस करारात त्याला स्थान मिळविले. त्या वेळी दीड व दोन अंशांच्या जगांत नेमका फरक काय, याविषयी संशोधन तुटपुंजे होते. करार झाल्यावर शासनांनीच मंडळाकडे तशी मागणी केली. शास्त्रज्ञांनी घाईने अभ्यास हाती घेतले आणि ऑक्टोबर २०१८ मधील विशेष अहवालाने अर्ध्या अंशाचा तो फरक प्रवाळांसाठी, उष्णतेच्या लाटांसाठी व समुद्रपातळीसाठी मोठा असल्याचे दाखविले. येथे प्रश्न राजकारणाने विचारला आणि विज्ञानाला तो मागाहून शिकावा लागला.

हिमालयातील हिमनद्या : मंडळाच्या २००७ च्या अहवालातील दुसऱ्या खंडात, हिमालयातील हिमनद्या २०३५ पर्यंत नाहीशा होण्याची मोठी शक्यता असल्याचे विधान होते. त्याला शास्त्रीय नियतकालिकातील निबंधाचा आधार नव्हता. एका स्वयंसेवी संस्थेच्या अहवालातून ते उचलले गेले होते. नोव्हेंबर २००९ मध्ये भारतीय भूवैज्ञानिक सर्वेक्षणाचे माजी अधिकारी विजयकुमार रैना यांची चर्चापत्रिका पर्यावरणमंत्री जयराम रमेश यांनी प्रकाशित केली. हिमनद्यांचे मागे हटणे एकसारखे नाही व त्याचा तापमानवाढीशी संबंध सिद्ध झालेला नाही, असा तिचा सूर होता. मंडळाचे अध्यक्ष राजेंद्र पचौरी यांनी तिची कठोर शब्दांत संभावना केली. परंतु दोनच महिन्यांनी, जानेवारी २०१० मध्ये, मंडळाला २०३५ च्या विधानाबद्दल दिलगिरी व्यक्त करावी लागली. कार्यपद्धती तपासण्यासाठी विज्ञान अकादमींची समिती नेमली गेली. विधान चुकीचे होते, याचा अर्थ हिमनद्या सुरक्षित आहेत असा लावणारेही चुकले. काठमांडू येथील पर्वतीय विकास केंद्राने २०१९ मध्ये केलेल्या मूल्यमापनानुसार तापमानवाढ दीड अंशावर रोखली तरी हिंदुकुश–हिमालयातील सु. एकतृतीयांश बर्फ या शतकाच्या अखेरपर्यंत नष्ट होईल.

तपकिरी ढग : नावाचाही वाद कसा होतो याचे उदाहरण याआधीच, १९९९ मधील हिंदी महासागर प्रयोगातून पुढे आले होते. वीरभद्रन रामनाथन व पॉल क्रुटझेन यांच्या पुढाकाराने झालेल्या या मोहिमेत, आ. प्र. मित्रा यांच्यासह अनेक भारतीय शास्त्रज्ञ सहभागी होते. काजळी, सल्फेट व धूळ यांचा सु. तीन किमी. जाडीचा थर उत्तर हिंदी महासागरावर पसरलेला त्यांना आढळला. ऑगस्ट २००२ मध्ये, जोहॅनिसबर्ग शिखर परिषदेच्या तोंडावर, संयुक्त राष्ट्रांच्या पर्यावरण कार्यक्रमाने ‘आशियाई तपकिरी ढग’ या नावाने अहवाल प्रसिद्ध केला. भारतात त्यावर टीकेची झोड उठली. जे. श्रीनिवासन व पुण्याच्या कन्या सुलोचना गाडगीळ या बंगळूरच्या भारतीय विज्ञान संस्थेतील शास्त्रज्ञांनी ‘करंट सायन्स’मध्ये दाखवून दिले की, हा थर कोरड्या ऋतूपुरता असतो, असे थर इतर खंडांवरही आढळतात आणि थोड्या महिन्यांच्या निरीक्षणांवरून मान्सूनविषयी काढलेले निष्कर्ष घाईचे आहेत. शासनाची चिंता वेगळी होती : कार्बन डाय-ऑक्साइडकडून लक्ष हटून दोष पुन्हा गरिबांच्या चुलीवर येईल. पुढे या कार्यक्रमाचे नाव ‘वातावरणीय तपकिरी ढग’ असे बदलण्यात आले.

नाव बदलले तरी काजळी राहिली. तिच्या परिणामांचा निवाडा करण्यासाठी मान्सून नीट उभा करू शकणारी संगणकीय प्रारूपे हवी होती आणि ती दीर्घकाळ यूरोप-अमेरिकेतच तयार होत होती. पुण्याच्या भारतीय उष्णदेशीय हवामानविज्ञान संस्थेने विकसित केलेले भूप्रणाली प्रारूप हे मंडळाच्या सहाव्या अहवालासाठीच्या आंतरराष्ट्रीय तुलनेत सामील झालेले पहिले भारतीय प्रारूप होय. याच संस्थेतील शास्त्रज्ञांच्या संपादनाखाली भूविज्ञान मंत्रालयाने २०२० मध्ये भारतीय प्रदेशातील हवामानबदलाचे मूल्यमापन प्रसिद्ध केले. त्यानुसार १९०१ ते २०१८ या काळात भारताचे सरासरी तापमान सु. ०.७ अंशांनी वाढले, तर १९५१ ते २०१५ या काळात मान्सूनचा पाऊस सु. ६ टक्क्यांनी घटला. हरितगृह वायूंमुळे पाऊस वाढावयास हवा होता. उत्तर गोलार्धातील मानवनिर्मित वायुकलिलांनी ती वाढ मोठ्या प्रमाणात झाकून टाकली, असा बहुतेक अभ्यासांचा कल असल्याचे अहवालात म्हटले आहे. अठरा वर्षांपूर्वी ज्या कारणाचा नुसता उल्लेख शासनाला खटकला होता, ते कारण आता शासनाच्याच प्रकाशनात आले होते. पावसाची ही घट गंगेच्या मैदानात आणि सह्याद्रीच्या रांगांत विशेष ठळकपणे दिसते.